विश्लेषण : मॉडिफाय केलेल्या गेम कन्सोलवर होमब्रू पॅकेज टाकताना काय काळजी घ्यावी?

निन्टेन्डोने ३डीएस या हातात मावणाऱ्या कन्सोलच्या ‘ई-शॉप’वरील विक्री २७ मार्च २०२३ रोजी बंद केली. तरीही कस्टम फर्मवेअर टाकून अनेकांनी हे कन्सोल वापरात ठेवले आहे. मात्र, एखादे चुकीचे पॅकेज ते कायमचे बंद पाडू शकते. यालाच कन्सोल ‘ब्रिक’ होणे, म्हणजे त्याची वीट होणे म्हणतात.

होमब्रू म्हणजे काय?

कंपनीच्या परवान्याशिवाय हौशी प्रोग्रामरनी लिहिलेले सॉफ्टवेअर. ३डीएसवर ते प्रामुख्याने दोन प्रकारांत मिळते. ‘३डीएसएक्स’ फाइल एसडी कार्डवरून थेट चालते. नको असल्यास डिलीट केली की झाले. ‘सीआयए’ पॅकेज मात्र इन्स्टॉल करावे लागते. त्यासाठीच्या लोकप्रिय अ‍ॅपचे नाव ‘एफबीआय’ असले, तरी अमेरिकी तपास यंत्रणेशी त्याचा संबंध नाही.

धोका नेमका कुठे?

मूळ सिस्टीम प्रत्येक पॅकेजची डिजिटल सही तपासते. ‘लुमा३डीएस’ हे कस्टम फर्मवेअर ही तपासणी बाजूला सारते, म्हणूनच होमब्रू चालते. पण मग फाइल कोणाची, हे पाहण्याची जबाबदारी वापरणाऱ्यावर येते. दुसऱ्या रीजनचे सिस्टीम पॅकेज टाकल्यास कन्सोल सुरू होणेच थांबू शकते. ऑक्टोबर २००५ मध्ये सोनीच्या पीएसपीसाठी ‘फर्मवेअर डाउनग्रेड’ म्हणून फिरलेल्या फाइलने सिस्टीम फाइलच पुसून कन्सोल निकामी केले होते.

काय करावे?

- आधी ‘गॉडमोड९’ने अंतर्गत मेमरीचा, म्हणजे नॅंडचा बॅकअप घ्या आणि तो कॉम्प्युटरवर ठेवा. प्रत्येक कन्सोलच्या की वेगळ्या असल्याने मित्राचा बॅकअप चालत नाही.
- एसडी कार्ड बनावट नाही ना, हे ‘एचटूटेस्टडब्ल्यू’ने तपासा.
- फाइल मूळ डेव्हलपरच्या पानावरूनच घ्या. तिथे चेकसम दिला असल्यास जुळवून पाहा.
- ‘३डीएसएक्स’ उपलब्ध असेल, तर आधी तेच वापरून पाहा.
- बॅटरी पूर्ण चार्ज ठेवा. इन्स्टॉल सुरू असताना कन्सोल बंद करू नका.

कायदा काय सांगतो?

होमब्रू आणि पायरेटेड गेम एक नव्हेत. भारतात कॉपीराइट कायद्याच्या कलम ६५अ नुसार, हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक संरक्षण तोडल्यास दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो.

बॅकअपला थोडा वेळ जातो, पण बिघाड झाल्यावर तो घेण्याची संधी बहुधा उरत नाही.