ईआरसीपीच्या संमतीपत्रावर सही करण्यापूर्वी

पित्तनलिकेतील खडा दुर्बिणीने काढणे म्हणजे ईआरसीपी. पोट फाडावे लागत नाही, पण साधारण शंभरात तीन ते दहा जणांच्या स्वादुपिंडाला नंतर सूज येते. पित्तनलिका आणि स्वादुपिंडाची नळी बहुधा एकाच तोंडाने आतड्यात उघडतात. तिथे खटपट झाली की स्वादुपिंड दुखावते.

स्त्रिया, तरुण रुग्ण आणि पूर्वी अशी सूज आलेले यांना धोका अधिक. नळीत शिरणे अवघड गेले तरी तो वाढतो.

आम्ही बँकवाले, डॉक्टर नव्हे. पण सहीपूर्वी विचारावे, एवढे नोकरीने शिकवले. म्हणून विचारा :

१. फक्त निदानच हवे असेल, तर एमआरसीपी स्कॅनने भागेल का?
२. गुदद्वारातून इंडोमेथासिन किंवा डायक्लोफेनॅक देणार का? २०१२ च्या एका अमेरिकन अभ्यासात, जास्त धोक्याच्या ६०२ रुग्णांत, इंडोमेथासिनने सुजेचे प्रमाण १६.९ वरून ९.२ टक्क्यांवर आले. मूत्रपिंडाचा विकार किंवा औषधाची अ‍ॅलर्जी असल्यास आधी सांगा.
३. पुरेसे सलाईन, गरज पडल्यास स्वादुपिंडाच्या नळीत स्टेंट?

नंतर पोटात, पाठीपर्यंत जाणारी कळ किंवा उलट्या सुरू झाल्या, तर गॅस समजून ओवा देत घरी थांबू नका. रात्र असली तरी रुग्णालय गाठा.