नावं सापडली, माणसं राहिली

2023 मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीचं काम सुरू झालं आणि मराठा कुटुंबांच्या जुन्या कुणबी नोंदी शोधण्यासाठी गावोगावची जुनी दप्तरं उघडली गेली. मोडी लिपी वाचणाऱ्यांना एकदम मागणी आली. शाळेचे दाखले, हक्कनोंदणीचे कागद आणि गाव नमुना 14, म्हणजे लोकांच्या तोंडचं कोतवाल बुक, यांतून पणजोबा-खापरपणजोबांची नावं शोधली गेली. जन्म-मृत्यूची तारीख, बापाचं नाव, जात एवढं मिळालं की वंशावळ जुळते. पण तो माणूस कुणाच्या शेतात राबला, गाव सोडून का गेला, कशाला भ्यायचा, हे त्या रकान्यांत मावत नाही. नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्या आणि घराण्यांचे छापील कुलवृत्तांत मोलाचे आहेतच. तरी त्यांचाही कणा पिढ्यांची क्रमवारी हाच. आपण वंशावळीलाच घराण्याचा इतिहास मानत आलो. माणसाने स्वतः सांगितलेलं आयुष्य हा त्याहून मोठा वारसा आहे, आणि तो सांगणारा हयात असेपर्यंतच हाती लागतो.

वंशावळीलाच इतिहास मानण्याचा सर्वांत मोठा फटका बायकांना बसला आहे. वंशावळीत त्या अमक्याची लेक, तमक्याची बायको म्हणून येतात, कित्येकदा तेवढ्याही येत नाहीत. बहिणाबाई चौधरींना अक्षरओळख नव्हती. मुलगा सोपानदेव आणि नात्यातल्या मंडळींनी त्यांच्या ओव्या वेळीच टिपल्या, म्हणून 1952 मध्ये, त्या गेल्यानंतर वर्षभरात, पुस्तक निघू शकलं. लिहून घेणारं कुणी घरात नसतं, तर त्यांची नोंद खानदेशातल्या एका शेतकरी घराची सून एवढीच उरली असती. ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांना गाठून त्यांच्या मुलाखती घेतल्या, तेव्हा ‘आम्हीही इतिहास घडवला’ हे पुस्तक उभं राहिलं. सभांना जाणाऱ्या, परिषदा भरवणाऱ्या या बायकांचं काम कळायचं तर त्यांच्या दारापर्यंत जावंच लागलं.

म्हाताऱ्या माणसांच्या आठवणींवर कसा भरवसा ठेवायचा, असं इतिहासाचे अभ्यासक विचारतात. शंका रास्त आहे. साल चुकतं, दोन प्रसंग एकमेकांत मिसळतात. पण कोतवालाच्या नोंदीतही नाव चुकतं, आणि शाळेत घालताना गुरुजींनी अंदाजाने लिहिलेल्या जन्मतारखा तर घरोघरी आहेत. पडताळणी दोन्हींची करावी लागते, आणि आठवणीची करता येते. पुण्याजवळचं पानशेत धरण फुटलं ते 12 जुलै 1961, कोयनेचा भूकंप 11 डिसेंबर 1967, मग बहात्तरचा दुष्काळ. लग्न भूकंपाच्या आधीचं की नंतरचं, एवढं विचारलं तरी साल जवळपास पक्कं होतं. शिवाय आठवण जे देते ते कागद देत नाही. बहात्तरला दुष्काळी कामं निघाली हे सरकारी अहवालात सापडेल. तान्हं मूल झाडाखाली झोपवून खडी फोडताना काय वाटत होतं, वाटलेली सुकडी घरात कुणाच्या वाट्याला किती आली, हे ती बाईच सांगेल.

‘आमच्या आयुष्यात सांगण्यासारखं काय आहे?’ हे उत्तर घरोघरी मिळतं, आणि त्याला प्रश्नच कारणीभूत असतो. जीवनकथा सांगा म्हटलं की माणूस गप्प होतो. पहिली मजुरी किती मिळाली, सासरी आल्यावर पहिल्या दिवशी काय रांधलं, मुंबईला कुणाच्या खोलीवर उतरलात, असं विचारलं की बोलणं सुरू होतं. जुना फोटो किंवा रेशनकार्ड समोर ठेवलं तर आणखी सोपं जातं. बोली जशीच्या तशी ठेवावी. ती शुद्ध करायला गेलं की बोलणारी व्यक्तीच पुसली जाते. बोलणं मोबाईलवर रेकॉर्ड करून त्या ध्वनिफितीला नाव, गाव, तारीख द्यावी आणि ती दोन ठिकाणी जपावी, कारण मोबाईल बदलतो तेव्हा पहिल्यांदा हेच हरवतं. भाऊबंदकी, टाकलेली बायको, जातीमुळे सोसलेला अपमान, हे बाहेर यायला नको, असा आक्षेप मात्र गंभीर आहे. तिथे शेवटचा शब्द सांगणाऱ्याचाच असला पाहिजे. अमुक भाग माझ्या मागेच ऐका, असं कुणी म्हटलं तर तसं लिहून ठेवावं आणि पाळावं. पण घराण्याची अब्रू म्हणून इतरांनी परस्पर गाळायला सुरुवात केली, तर ज्यांना आजवर गप्प बसवलं त्यांनाच ते पुन्हा गप्प बसवणं होईल.