चालू दाव्यात तिसरा माणूस

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असं आपल्याकडे पिढ्यानपिढ्या सांगत आले. पण नगर जिल्ह्यातल्या कुठल्याही तालुका कोर्टात सकाळी जाऊन बसा. ही पायरी चढू द्या म्हणून विनवणारी माणसं दिसतात. दावा त्यांनी लावलेला नसतो, त्यांच्यावरही लागलेला नसतो. दोघांच्या भांडणात आपली जमीन, आपली वाट किंवा आपलं देऊळ सापडलंय असं त्यांचं म्हणणं असतं. वकील अर्ज टाइप करून देतो, ‘ऑर्डर एक, रूल दहा’. पलीकडचा वकील उठून म्हणतो, हा त्रयस्थ आहे, याचा काही संबंध नाही. मूळ दाव्याचं काम बाजूला पडतं आणि आत कोण, बाहेर कोण यावरच तारखा पडायला लागतात. २०२४ मध्ये जिल्ह्याचं नाव अहिल्यानगर झालं, दाव्यांची शीर्षकं बदलली. भांडणं तीच राहिली.

एक उदाहरण घेऊ. पाथर्डी तालुक्यातल्या बारा एकरांचे दोन भाऊ आणि एक बहीण. बहीण लग्न होऊन श्रीरामपूरकडे दिलेली. वडील गेल्यावर तलाठ्याकडे वारसनोंद झाली, तेव्हा भावांची नावं कब्जेदार सदरी लागली आणि बहिणीचं नाव ‘इतर हक्का’त गेलं. ही जुनी रीत जिल्ह्यात शेकडो सातबाऱ्यांवर अजून दिसेल. पुढे धाकट्याने थोरल्यावर वाटपाचा दावा लावला. दोन तारखांत तडजोडीची पुरसिसही तयार झाली, सहा एकर तुला, सहा एकर मला. बहिणीला हे गावाकडच्या कुणाकडून तरी कळलं. ती वकिलाला विचारते, “दादांनी मला पार्टीच केलं नाही, तर आता मी काय करू?”

दिवाणी कामात पहिला मान वादीचा. कुणावर दावा लावायचा हे तो ठरवतो. त्याला ज्याच्याशी भांडायचं नाही, त्याच्याशी भांड असं कोर्ट सहसा सांगत नाही. वकील मंडळी याला ‘डॉमिनस लिटिस’ म्हणतात आणि विरोधाची पहिली ओळ म्हणून ते वापरतात. पण दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश १, नियम १०(२) हा अधिकार कोर्टाकडेही ठेवतो. कोणत्याही टप्प्यावर, कुणी अर्ज केला असो वा नसो, ज्याला आधीच सामील करायला हवं होतं किंवा ज्याच्याशिवाय वादातले प्रश्न पुरते सुटणार नाहीत, अशा माणसाला कोर्ट आत घेऊ शकतं. यातला पहिला आवश्यक पक्षकार आणि दुसरा योग्य पक्षकार. आवश्यक पक्षकाराशिवाय हुकूमनामाच निघू शकत नाही. योग्य पक्षकाराशिवाय निघू शकतो, पण अर्धवट राहतो. तिसऱ्या प्रकारचा माणूस म्हणजे ज्याला निकालाची काळजी वाटते तो. गर्दी याच माणसांची असते आणि बहुतेक अर्ज इथेच फेटाळले जातात.

पाथर्डीच्या बहिणीची बाजू मात्र भक्कम आहे. वाटपाच्या दाव्यात प्रत्येक हिस्सेदार आवश्यक. तिच्याशिवाय सरस-निरस वाटप करायचं म्हणजे तिचा हिस्सा भावांच्या पदरात टाकायचा. वडिलांच्या स्वकष्टार्जित जमिनीत १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यापासून ती वारस आहेच. वडिलार्जित जमिनीत महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून, तेव्हा अविवाहित असलेल्या मुलींना, हक्क दिला. केंद्राने ९ सप्टेंबर २००५ पासून तो सगळ्या मुलींना दिला. त्या तारखेला वडील हयात हवेत का, हा घोळ सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा खटल्यात ११ ऑगस्ट २०२० रोजी मिटवला: हयात असण्याची गरज नाही, हक्क जन्माने आहे. २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर झालेली वाटपं मात्र उकरता येत नाहीत. वाटपाच्या दाव्यात आणखी एक सवलत मिळते. प्राथमिक हुकूमनामा झाला तरी अंतिम हुकूमनामा व्हायचा असेल तर हिस्से पुन्हा ठरवता येतात. शेतीच्या वाटपाची फाइल संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, तिथून मोजणीला. ती तिथे जितकी वर्षं पडून राहते, तितकी वर्षं बहिणीला दार उघडं. सरकारी दिरंगाईचा असा उपयोग क्वचितच कुणाला होतो!

तरीही तिने तडजोडीवर सह्या व्हायच्या आधी अर्ज द्यावा. तडजोडीचा हुकूमनामा एकदा झाला की त्याविरुद्ध वेगळा दावा लावायला संहिताच आडवी येते आणि मग अपिलाची परवानगी माग, त्याच कोर्टात अर्ज कर अशी वणवण सुरू होते.

वादी-प्रतिवादी आतून एक असतात, तेव्हा तिसऱ्याला आत घेण्याचं कारण सगळ्यात सबळ असतं. याचं गाजलेलं उदाहरण गोदावरीपलीकडच्या मुलुखावर राज्य केलेल्या घराण्यातलं. शेवटच्या निजामाचे धाकटे चिरंजीव मोअज्जम जाह यांच्यावर रझिया बेगम यांनी दावा लावला. मी त्यांची विवाहित पत्नी आहे असं जाहीर करा आणि ठरल्याप्रमाणे दरमहा २,००० रुपये पानदान खर्च द्यायला लावा, अशी मागणी. राजपुत्रांनी कैफियत दिली, सगळं खरं आहे. भांडणच नाही, तर कोर्टाला काम काय उरलं? तेवढ्यात अन्वर बेगम आणि त्यांच्या अज्ञान मुलाने अर्ज दिला की पत्नी म्हणून मान आमचा, आम्हाला ऐका. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि १९५८ मध्ये बहुमताने निकाल झाला, त्यांना आत घ्या. न्या. इमाम यांचं मत विरुद्ध पडलं. बहुमताने केलेला भेद आजही वापरात आहे. मालमत्तेच्या दाव्यात तिसऱ्याचा हितसंबंध थेट हवा. पण कुणाची बायको कोण, वारस कोण, असा नात्याचा, दर्जाचा प्रश्न असेल तर ती अट सैल करता येते, कारण तो निकाल पुढच्या पिढ्यांच्या ताटात येतो.

पैशाचं नुकसान होईल एवढंच सांगणाऱ्याला मात्र कोर्ट आत घेत नाही. इथले दोन ठळक निकाल मुंबईतून आलेले. पहिला रमेश हिराचंद कुंदनमल यांचा, १९९२ चा. हिंदुस्तान पेट्रोलियमच्या जागेवर पंप चालवणाऱ्या विक्रेत्याला बांधकाम पाडण्याची नोटीस महापालिकेने दिली. त्याने महापालिकेवर दावा लावला. कंपनी म्हणाली, जागा आमच्याकडे भाडेपट्ट्याने, आम्हालाही पार्टी करा. खालच्या कोर्टांनी केलं. सर्वोच्च न्यायालयात न्या. फातिमा बीवी यांनी ते रद्द केलं. दावा नोटिशीपुरता आहे, त्या प्रश्नाचं उत्तर द्यायला कंपनी लागत नाही. कंपनीचं विक्रेत्याशी काही वेगळं भांडण असेल तर ते वेगळं. दुसरा २०१० चा. विमानतळ प्राधिकरणाने जमीन देण्याचा करार पाळावा म्हणून रीजन्सी कन्व्हेन्शन सेंटरने दावा केला होता. मुंबई विमानतळ चालवणाऱ्या कंपनीला त्यात शिरायचं होतं, कारण विस्ताराला तीच जमीन पुढेमागे मिळाली असती. न्या. रवींद्रन यांच्या निकालाने तिलाही बाहेर ठेवलं. पुढेमागे मिळेल ही आशा म्हणजे हक्क नव्हे.

आपल्याकडे हेच साठेखताच्या दाव्यात घडतं. इसार घेऊन खरेदीखत करून दिलं नाही म्हणून घेणारा मालकावर दावा लावतो. मध्येच चुलतभाऊ अर्ज देतो की जमीन मुळात माझी, कब्जाही माझाच. २००५ च्या कस्तुरी निकालाने याचं उत्तर दिलंय. हा दावा कराराचा आहे, मालकीचा नाही. चुलतभावाला आत घेतलं तर दाव्याचं रूपच बदलेल. त्याने आपला स्वतंत्र दावा लावावा.

अर्ज फेटाळला की माणूस रडवेला होतो, आपण बुडालो असं त्याला वाटतं. तसं नाही. जो पक्षकार नव्हता त्याला तो हुकूमनामा एरवी बांधत नाही. चुलतभावाची मालकी असेल तर ती दोघांच्या निकालाने कुठे जात नाही. मला विचाराल तर जिल्ह्यातले निम्मे तरी असले अर्ज या एका गैरसमजातून येतात, आणि वकिलांनाही तो दूर करण्याची फार घाई नसते.

पण याला दोन अपवाद आहेत. एक, प्रातिनिधिक दावा. शिवाररस्त्यासाठी किंवा गायरानासाठी काही गावकरी सगळ्यांच्या वतीने दावा लावतात. त्याला नियम ८ ची परवानगी लागते, आणि प्रत्येकाला हातोहात नोटीस पोचवणं शक्य नसेल तर ती वर्तमानपत्रात दिली जाते. आतल्या पानाच्या कोपऱ्यातली, बारीक टाइपातली, आपण कधीही न वाचलेली जाहीर नोटीस ती हीच. ज्यांच्या वतीने दावा आहे त्या सगळ्यांना निकाल बांधतो, म्हणून त्यांच्यापैकी कुणालाही सामील होण्याचा अर्ज देता येतो. इथे झोपून राहणं महागात पडतं.

दुसरा अपवाद, दावा चालू असताना जमीन घेणारा. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ चं तत्त्व असं की दाव्यातली जमीन विकली तरी घेणाऱ्याला दाव्याचा निकाल बांधतो. सुपा किंवा शिर्डीच्या आसपास एजंटाच्या शब्दावर प्लॉट घेणारे याच खड्ड्यात पडतात. अशा खरेदीदाराला आदेश २२, नियम १० खाली किंवा पक्षकार म्हणून आत येता येतं, पण ते कोर्टाच्या मर्जीवर. २०१३ च्या थॉम्सन प्रेस निकालाने अशा खरेदीदाराला आत घेतलं. विकणाऱ्याचे पैसे खिशात पडलेले असतात, तो आता जीव तोडून लढणार नाही, ही व्यवहारी शंका कोर्टालाही कळते.

देवस्थानांच्या प्रकरणांत पारडं उलटं आहे. नोंदणीकृत विश्वस्त संस्थांसाठी महाराष्ट्राचा १९५० चा कायदा आहे. त्यातल्या कलम ७३-अ खाली, ट्रस्टमध्ये हितसंबंध असलेल्या माणसाला धर्मादाय कार्यालयातल्या चौकशीत पक्षकार होता येतं. हितसंबंध कुणाचा? व्याख्येप्रमाणे, देवळात पूजेला नेहमी येणारा, तिथला प्रसाद घेणारा माणूसही त्यात बसतो. साठेखताच्या दाव्यात सख्खा चुलतभाऊ बाहेर, आणि देवळाच्या चौकशीत प्रसादाला हात पुढे करणारा आत! यात विसंगती नाही. देवस्थान खासगी नसतं, तिथे तिसरा माणूस असा कुणी नसतोच. शिर्डीचा इतिहास याची साक्ष आहे. साईबाबा १९१८ मध्ये गेले आणि संस्थानाची पहिली योजना १९२२ मध्ये नगरच्या जिल्हा न्यायालयाने मंजूर केली. २००४ मध्ये संस्थानाला स्वतंत्र कायदा मिळाला, तरी कारभाराचे वाद औरंगाबाद खंडपीठापुढे जातच राहिले. सप्टेंबर २०२२ मध्ये खंडपीठाने विश्वस्त मंडळ रद्द केलं आणि कारभार प्रधान जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या तदर्थ समितीकडे गेला.

पक्षकार होण्याचा अर्ज नामंजूर झाला तर अपील नाही. अनुच्छेद २२७ खाली खंडपीठात रिट, म्हणजे पुन्हा संभाजीनगरच्या वाऱ्या. मंजूर झाला तरी मुदतीचं भान हवं. नव्या प्रतिवादीवर दावा लागला तो त्याला सामील केलं त्या दिवशी, असं मुदतीच्या कायद्याचं कलम २१ मानतं. वादीची चूक प्रामाणिक होती असं कोर्टाला पटलं तरच मागची तारीख धरली जाते. त्यामुळे वादीला स्वतःलाच कुणी राहिलंय असं वाटत असेल तर त्याने मुद्दे निघायची वाट बघू नये.

आणि समजा, निकालापर्यंत काही कळलंच नाही. दरखास्त लागली, बेलिफ कब्जा घ्यायला शेतात आला, तेव्हा कळलं. तरी दिवाणी कायदा हात झटकत नाही. आदेश २१ च्या नियम ९७ ते १०१ खाली कब्जाला हरकत घेणाऱ्याचा हक्क दरखास्तीतच तपासला जातो, त्यासाठी नवा दावा लावावा लागत नाही. हरकत घेणाऱ्याने बेलिफाशी हुज्जत घालण्यापेक्षा कोर्टात लेखी अर्ज द्यावा, कागद सोबत लावावेत. आधी घराबाहेर निघ, मग तक्रार कर, असं त्याला सांगता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये स्पष्ट केलं आहे. ही सोय एकाच माणसाला नाही, चालू दाव्यातली जमीन हरलेल्या पक्षाकडून विकत घेणाऱ्याला. नियम १०२ त्याला स्पष्टच वगळतो. मग त्याच्या हाती उरतो तो विकणाऱ्याकडून पैसे परत मिळवण्याचा दावा, आणि त्यात तो स्वतःच वादी असतो.