हाक मारली की कुत्रा उलटा का पळतो?

आमची राणी दीड वर्षाची असताना मैदानावर "ये" म्हटलं की उलट्या दिशेला धूम ठोकायची. हट्टी आहे, दोन रट्टे द्या, असा सल्ला सगळ्यांनी दिला. पण ती हट्टी नव्हती. आम्ही तिला हाक कधी मारायचो? पट्टा लावून घरी न्यायचं असेल तेव्हाच. "ये" म्हणजे खेळ खलास, हे ती पक्कं शिकली होती.

उशिरा आल्यावर रागावलं तर पुढच्या वेळी लवकर येईल, हा सर्वांत घातक गैरसमज. कुत्रा त्या रागाचा संबंध तुमच्याजवळ येण्याशी जोडतो, दहा मिनिटांपूर्वीच्या पळण्याशी नाही. म्हणून कितीही उशिरा आला तरी कौतुकच करायचं. आपला जीव टांगणीला लागलेला असताना हे फार जड जातं, पण करावंच लागतं.

"घरात ऐकतो, बाहेर मुद्दाम करतो" हेही खरं नाही. स्वयंपाकघरात शिकलेला शब्द मैदानात, समोर मांजर असताना, त्याला जवळपास नव्यानं शिकावा लागतो.

बिघडलेली हाक दुरुस्त करत बसण्यापेक्षा नवी घ्यावी. आम्ही शिट्टी घेतली. आधी घरातच: शिट्टी वाजली की लगेच उकडलेल्या चिकनचा तुकडा. मग मोकळ्या जागी दहा मीटरची दोरी, तीही गळ्यातल्या पट्ट्याला नाही, हार्नेसला. पळता पळता झटका बसला तर मानेला इजा होऊ शकते. ही दोरी कुत्र्याला ओढून आणायला नसते. हाक टाळून पळण्यात त्याला मजा मिळू नये, एवढंच तिचं काम. राणी आली की खाऊ द्यायचा, हार्नेसला हात लावायचा आणि "जा, खेळ" म्हणून परत सोडायचं. खाऊइतकंच त्या "जा"नं काम केलं. दोरी सुटायला आम्हाला पाच महिने लागले.

"मालक कोण ते दाखवा" म्हणणारे 'अल्फा', म्हणजे कळपावर हुकूमत गाजवणाऱ्या लांडग्याचा दाखला देतात. ती कल्पना एकत्र कोंडलेल्या लांडग्यांच्या निरीक्षणातून आली. १९७० च्या आपल्या पुस्तकातून तिचा प्रसार करणाऱ्या डेव्हिड मीच या संशोधकांनीच १९९९ मध्ये मांडलं, की रानातला कळप म्हणजे बहुधा आईबाप आणि त्यांची पिल्लं.

आणि एकदा शिकला की कुठंही सोडता येतो? नाही. दिवाळीतला एक सुतळी बॉम्ब सगळं शिकवलेलं विसरायला लावतो. राणी आता कुंपण असलेल्या मैदानात मोकळी असते. फाटकाबाहेर पाऊल टाकण्याआधी पट्टा लागतो.