कात्री दुसऱ्यांच्या हाती

योको ओनो म्हटलं की पुष्कळांना एकच आठवतं. बीटल्सचं चांगलं चाललेलं एकत्र कुटुंब फोडणारी सून! भाऊ वेगळे निघाले की खापर कुणाच्या माथी फुटतं, हे आपल्याला का ठाऊक नाही? पण जॉन लेननशी तिची गाठ पडली १९६६ च्या नोव्हेंबरात, लंडनला, आणि तीही तिच्याच प्रदर्शनात. तोवर तिचं निम्मंअधिक धाडस करून झालं होतं.

योको १९३३ साली टोकियोत जन्मली. वडील बँकेत मोठ्या हुद्द्यावर, घरात सुबत्ता. परंतु १९४५ च्या बाँबवर्षावानंतर मुलांना खेड्यात हलवलं आणि घरातल्या चीजवस्तू देऊन धान्य मिळवायची पाळी आली. तेव्हा बारा वर्षांची योको धाकट्या भावाबरोबर उपाशीपोटी आकाशाकडे बघत जेवणाचे बेत रचायची, नुसते मनातल्या मनात! १९६४ च्या तिच्या ‘ग्रेपफ्रूट’ पुस्तकात तरी काय आहे? अमुक कल्पना करा, तमुक करून पाहा, अशा छोट्या छोट्या सूचना. चित्र वाचणाऱ्यानं आपल्या डोक्यात काढायचं.

त्याच वर्षी क्योटोत तिनं ‘कट पीस’ हा प्रयोग केला. आपल्याजवळचे उत्तमातले कपडे घालून ती रंगमंचावर गुडघे मुडपून बसली. पुढ्यात शिवणकामाला असते तशी कात्री. प्रेक्षकांनी एकेकानं यायचं, तिच्या कपड्याचा तुकडा कापायचा आणि घेऊन जायचं. ती हलणार नाही, बोलणार नाही. एकानं तर भोसकायचा आव आणून कात्री उगारली. १९६५ चा न्यूयॉर्कमधला प्रयोग चित्रित झालेला आहे. आधी लोक बिचकत बाहीचा कोपरा वगैरे कापतात. मग एक तरुण येतो, रेंगाळत, मजा घेत आतल्या कपड्यांच्या पट्ट्यासुद्धा कापतो, आणि ती तेवढे हात छातीशी नेते. पाहताना वाटतं, परीक्षा तिची नव्हेच, कात्री उचलणाऱ्यांची आहे.

तिचे सगळेच उद्योग मला पटतात असं नाही. १९६६-६७ च्या एका चित्रपटात तर नुसती माणसांची उघडी ढुंगणंच! सेन्सॉरनं अडवला तेव्हा बाईनं कचेरीबाहेर फुलं वाटली. १९६९ च्या ‘रेप’मध्ये कॅमेरा एका तरुणीच्या मागे लंडनभर लागतो, थेट तिच्या घरात शिरतो. अंगाला बोटही न लावता छळ कसा होतो ते पुरतं कळतं. पण त्या मुलीला कुणी विचारलं होतं का? इथं कात्री योकोच्या हाती होती.

‘इमॅजिन’ हे १९७१ चं गाणं जगानं डोक्यावर घेतलं ते लेननचं म्हणून. त्याची कल्पना ‘ग्रेपफ्रूट’मधली, योकोचं नाव द्यायला हवं होतं, असं त्यानंच १९८० मध्ये मुलाखतीत कबूल केलं. त्याच डिसेंबरात त्याचा खून झाला. गाण्यावर तिचं नाव घालायचं ठरलं २०१७ साली! बायकोच्या हातचं श्रेय असंच सावकाश पोचतं, नाही का?

‘कट पीस’साठी ती २००३ मध्ये पॅरिसला पुन्हा बसली, वयाच्या सत्तराव्या वर्षी. या खेपेस तुकडा पोस्टकार्डाएवढाच कापायचा, आणि आपल्या आवडत्या माणसाला पाठवून द्यायचा.