इंजिनिअर सेनापती: मॅग्डालाचा नेपियर

कोणता नेपियर?

इंग्रजी अमदानीत नेपियर आडनावाचे अधिकारी पुष्कळ होऊन गेले. सिंध जिंकणारा चार्ल्स नेपियर आपल्याला इतिहासाच्या पुस्तकात भेटतो. हा त्याच्याहून वेगळा, रॉबर्ट कॉर्नेलिस नेपियर. जन्म १८१०, कोलंबो. वडीलही सैनिकच; १८११ मध्ये जावामधील मीस्टर कॉर्नेलिस किल्ल्यावरच्या हल्ल्यात जखमी होऊन वारले. मुलाचं मधलं नाव त्या किल्ल्याचं.

ओळंबा आणि तलवार

ईस्ट इंडिया कंपनीच्या अॅडिसकोंब येथील लष्करी शाळेतून तो १८२६ मध्ये बंगाल इंजिनिअर्समध्ये दाखल झाला. पहिली अनेक वर्षं कालवे आणि रस्ते बांधण्यात गेली. दार्जिलिंगची आखणी त्याने केली. अंबाल्याच्या छावणीत हवा खेळती राहील अशा बेताने बराकी मांडल्या. पुढे दोन्ही शीख युद्धांत तो लढला, जखमी झाला आणि पंजाब खालसा झाल्यावर तिथला मुख्य इंजिनिअर झाला.

ग्वाल्हेरचा पाठलाग

१८५७ मध्ये तो लखनौच्या लढाईत होता. जून १८५८ मध्ये मध्य हिंदुस्थानात इंग्रज सेनापती ह्यू रोजच्या हाताखाली आला. ग्वाल्हेरजवळ राणी लक्ष्मीबाई धारातीर्थी पडल्या आणि शहर इंग्रजांच्या हाती गेलं. तिथून निघालेल्या तात्या टोपे व रावसाहेब पेशवे यांच्या फौजेचा पाठलाग नेपियरकडे आला. जौरा अलीपूरला त्याने सुमारे सातशे माणसांनिशी ती फौज मोडली आणि पंचवीस तोफा घेतल्या. तात्या मात्र निसटले, आणि पुढे कित्येक महिने इंग्रजांना झुलवत राहिले.

मुंबईहून अबिसिनिया

१८६० च्या चीन मोहिमेनंतर, १८६५ मध्ये नेपियर मुंबई लष्कराचा सरसेनापती झाला. इथेच त्याच्या कारकिर्दीतलं सर्वांत मोठं काम पुढ्यात आलं. अबिसिनियाचा, म्हणजे आजच्या इथिओपियाचा सम्राट टेवोड्रॉस याने व्हिक्टोरियाला पत्र लिहिलं होतं. उत्तर आलं नाही, तेव्हा त्याने ब्रिटिश वकील आणि इतर युरोपीय माणसं कैदेत टाकली. त्यांना सोडवायला निघालेल्या फौजेत सैनिक सुमारे १३ हजार होते, तर बाजारबुणगे त्यांच्या दुप्पट. पानिपताची आठवण असलेला मराठी वाचक इथे भुवई उंचावेल. पण नेपियरने या लवाजम्याची तजवीज नीट लावली होती.

लाल समुद्राकाठी झुला इथे धक्के बांधले, लोहमार्गाचे रूळ टाकले. किनाऱ्यावर गोडं पाणी नव्हतं, म्हणून जहाजांवर समुद्राचं पाणी ऊर्ध्वपातन करून पुरवलं. जड तोफांसाठी ४४ हत्ती हिंदुस्थानातून नेले. स्थानिक लोकांना मारिया थेरेसा छापाचीच चांदीची नाणी चालत, तेव्हा तीच बरोबर घेऊन रोख भावाने धान्य व चारा विकत घेतला. तिग्रेचा सरदार कासा याच्याशी आधीच संधान बांधलं होतं. मग सुमारे साडेसहाशे किलोमीटर डोंगराळ वाट. माझ्या मते नेपियरची खरी लढाई हीच. पुढची चकमक तिच्यापुढे किरकोळ.

१० एप्रिल १८६८ रोजी अरोगेच्या पठारावर नव्या स्नायडर बंदुकांपुढे टेवोड्रॉसचे सुमारे सातशे लोक मेले. इंग्रजांकडील मृत्यू हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. कैद्यांची सुटका झाली. तरी १३ तारखेला टेवोड्रॉसच्या मॅग्डाला गडावर हल्ला झालाच. आणि गंमत पाहा: या इंजिनिअर सेनापतीची सुरुंगवाली पलटण दरवाजापाशी पोचली ती दारू आणि शिड्या न घेताच! शेवटी शिपाई तट चढून आत शिरले. टेवोड्रॉसने व्हिक्टोरियानेच भेट पाठवलेल्या पिस्तुलाने स्वतःला संपवलं. गड जाळण्यात आला. मुकुट, हस्तलिखितं, चर्चमधली भांडी लुटीत गेली. सम्राटाचा लहान मुलगा अलेमायेहू याला इंग्लंडला नेलं.

बिल कोणाचं?

पार्लमेंटला सांगितलेला अंदाज वीस लाख पौंडांचा होता. खर्च ऐंशी लाखांच्या वर गेला. त्यातही हिंदी सैनिकांचा नेहमीचा पगार हिंदुस्थानच्या तिजोरीतून. या मोहिमेचा भार हिंदी रयतेवर टाकण्याला दादाभाई नौरोजींनी लंडनमध्ये तेव्हाच जाहीर विरोध केला. मोहिमेच्या कौतुकात ही बाब सहसा गाळली जाते.

पुढे

नेपियर 'मॅग्डालाचा बॅरन' झाला. १८७० ते १८७६ हिंदुस्थानचा सरसेनापती, मग जिब्राल्टरचा गव्हर्नर, १८८३ मध्ये फील्ड मार्शल. १८९० मध्ये लंडनला वारला. दफन सेंट पॉल्स कॅथीड्रलमध्ये. मॅग्डालाहून नेलेल्या वस्तू परत मिळाव्यात अशी इथिओपियाची मागणी अजून चालू आहे.