कोपरा ओळंब्यात नसतो

सकाळी ८:३०
पुण्यातली जुनी इमारत, १० बाय १२ची खोली. पुट्टी आणि प्रायमर आधीच वाळलेले आहेत. तरी तळहात भिंतीवरून फिरवतो, कोपऱ्यांत जास्तच. घासायचं राहिलेलं तिथेच सापडतं. बाथरूमलगतची भिंत कोरडी आहे. ओल असती तर वॉलपेपरचा रोल उघडलाच नसता. मेन स्विच बंद, पंखा बंद.

९:१५
ओळंबा सोडला. खिडकीजवळच्या कोपऱ्यात वरपासून खालपर्यंत पाव इंचाचा फरक. विटा, प्लास्टर, पुट्टी, रंगाचे थर, सगळ्यांनी मिळून कोपरा सरकवलेला असतो. म्हणून पहिली पट्टी कोपऱ्याच्या भरवशावर लावायची नाही, ओळंब्याच्या रेघेवर लावायची. सुरुवात खिडकीकडून, म्हणजे सांध्यांची सावली पडत नाही.

१०:००
रोल २१ इंच रुंद, ३३ फूट लांब. साडेनऊ फुटी भिंतीला छाटणीसकट १० फूट, म्हणजे रोलमागे तीनच पट्ट्या. खळ लावून घडी घालून ठेवतो. कागद खळीतलं पाणी पितो, किंचित फुगतो. प्रत्येक पट्टी सारखाच वेळ मुरली पाहिजे, नाहीतर नक्षी सांध्यावर चुकते.

११:३०
कोपरा आला. शेवटच्या पट्टीपासून कोपऱ्यापर्यंत तीन ठिकाणी माप घेतलं: वर सव्वाअकरा, मध्ये अकरा, खाली साडेअकरा. मोठं माप धरायचं, त्यात अर्धा इंच मिळवायचा. १२ इंचांवर पट्टी उभी कापली.

घरच्या काकू दारातच होत्या. “अहो दादा, अख्खा कागद कशाला कापता? वळवा की तसाच!”

“आज वळेल काकू. सुकताना आखडतो, मग कोपरा सोडून ताठ होतो. मागे पोकळी राहते, बोट लागलं की फाटतो.”

अर्धा इंच शेजारच्या भिंतीवर वळवून ब्रशने कोपऱ्यात नीट बसवला. उरला ९ इंचांचा तुकडा. त्याच्यासाठी नव्या भिंतीवर नवी रेघ, पुन्हा ओळंब्यानेच, कोपऱ्यापासून कुठेही ९ इंचांच्या पुढे न जाणारी. तुकडा रेघेला लावून त्या अर्ध्या इंचावर चढवला, कोपऱ्यात जास्त झालेला कागद छाटला. नक्षी तिथे केसभर तुटते, पण पुढची सगळी भिंत सरळ राहते. हा सौदा मला मान्य आहे. कागद व्हिनाइलचा असल्याने चढलेल्या भागाला वेगळा गोंद लावला. साधी खळ व्हिनाइलवर धरत नाही.

१:३०
डबा.

२:१५
आपल्या घरांत भिंत ६ इंचांची आणि आरसीसीचा खांब त्याहून जाड, म्हणून तो खोलीत डोकावतो आणि बाहेरचे दोन कोपरे वाढवतो. इथे अर्धा इंच पुरत नाही. धार सारखी घासली जाते. पाऊण-एक इंच वळवतो. वळवण्याआधी छताशी आणि खाली छोटी चीर द्यावी लागते, तरच घडी पडत नाही. पुढची पट्टी त्यावर चढवून, पोलादी पट्टी धरून दोन्ही थर एकदम कापले, खालची-वरची कात्रणं काढली. सांधा सपाट बसला. दर कापणीला ब्लेडचं नवं टोक. बोथट ब्लेड ओला कागद ओढून फाडतं.

५:००
सगळी वाकडी मापं शेवटी एका कोपऱ्यात जमा होतात, तिथे नक्षी जुळतच नाही. तो कोपरा दारामागचा असावा, हे सकाळीच ठरवलेलं होतं.

६:३०
ओल्या स्पंजने सांध्यांवरची खळ पुसली. पंखा उद्या सकाळपर्यंत लावायचा नाही, हे काकूंना सांगितलं. उरलेला रोल लॉट नंबरच्या वेष्टनासकट त्यांच्याकडे दिला. पुढे तुकडा बदलायची वेळ आली तर त्याच लॉटची छटा जुळेल.